भत्ता भरला नाही

१० जानेवारी

ती. बाबांना,

नमस्कार. इकडे सगळं ठीक. थंडीत आईचे गुडघे कुरकुरतात, पण जिन्याची चढउतर काही ती थांबवत नाही. तुमचं पत्र आणि पैसे सोमवारी एकाच दिवशी पोचले. पत्र नेहमीसारखं तीन ओळींचं. सुतारी पेन्सिलीने लिहू नका हो, निम्मी अक्षरं पोस्टमनच्या बोटांना लागून जातात. फोनच केला असता, पण गेल्या वेळी मी "तारीख पडली" म्हटलं आणि तुम्ही "कोण पडली? कुठे लागलं?" म्हणून अर्धा तास घाबरवून सोडलंत. रंध्याच्या मशीनने कान नेले ते नेले, आता आपलं पत्रच बरं.

परवा, आठ तारखेला, आपला पुकारा झाला दुपारी साडेतीनला. मी साडेदहापासून बसून होतो. पण बाबा, या वेळी खरंच काम झालं. लॉजवाल्याच्या वकिलाने सवयीने मुदत मागितली, तर साहेब चष्मा काढून म्हणाले, "हुकूमनामा होऊन चार वर्षं झाली. यांनी पलंग करून दिले, तुमच्या माणसाने त्यावर गिऱ्हाइकं झोपवली. आता मुदत कशाची?" आणि जप्तीचं वॉरंट काढायचा हुकूम दिला. पैसे दिले नाहीत तर तुम्ही केलेले बावीस पलंग, बावीस कपाटं आणि तो लांबलचक काउंटर, सगळं उचलायचं आणि लिलावात काढायचं. मी जागच्या जागी उडीच मारणार होतो. पण शिपाई माझ्याकडे डोळे लावून होता. मागे त्याने मला नुसता पाय हलवतो म्हणून बाहेर काढलंय. तुम्ही मला काडेपेटी म्हणता ते त्याला कोणी सांगितलं कोण जाणे.

बाहेर आल्यावर वकिलांच्या कारकुनाने माझी हवा काढली. त्याला आम्ही सगळे 'पुढची' म्हणतो, कारण त्याच्या तोंडून 'पुढची तारीख'शिवाय शब्द क्वचितच निघतो. म्हणाला, "हुकूम झाला म्हणजे कागद चालायला लागला असं नसतं, बाळा. नाझरच्या ऑफिसात, कोर्टाचे पैसे भरतात तिथे, सात दिवसांत बेलिफचा भत्ता भरायचा. भत्ता भरला की वॉरंट निघतं, वॉरंट निघालं की बेलिफ जप्तीला निघतो. नाही भरलास तर फायलीवर शेरा पडतो, 'भत्ता भरला नाही', आणि मग आहेच आपली..."

"पुढची," मी म्हटलं.

तो हसला. "भरलास तर मात्र महिन्याभरात जप्ती. तुझं इकडचं येणं संपलं. मग मला चहा कोण पाजणार?"

तुम्ही पाठवलेले पैसे त्यासाठीच आहेत, ते वेगळे ठेवलेत. उद्या भरतो.

आपल्या कामाच्या शेडच्या मालकाला भेटलो. भाडं थकलंय म्हणून त्याचं तोंड वाकडंच होतं. मे अखेरपर्यंत थांबा, तोवर आपले पैसे येतील आणि बाबाही परत येतील, असं सांगितलं. म्हणाला, "मे म्हणजे मे. एक जूनला मी ती गॅरेजवाल्याला देणार." तोवर शेड आपली आहे. दर रविवारी जाऊन मशीनला तेल देतो. तिथे दुसऱ्याच्या हाताखाली काम करताना तुम्हाला कसं वाटत असेल, याचा विचार मी करत नाही असं समजू नका.

कोर्टात वेळ जातो कसा ते विचारलं होतंत. बाकावर शेजारी एक्केचाळीस नंबर बसतो, आपला बेचाळीस. एक्केचाळीस म्हणजे एक बाई आहेत. शर्ट शिवायच्या कारखान्यात अकरा वर्षं होत्या, मालकाने कारखाना बंद केला आणि पगार बुडवला. सहा वर्षांपूर्वी त्या दावा जिंकल्या, तेव्हापासून वसुलीच्या दरखास्तीत अडकल्यात. कोर्टात नवीन माणूस आला की त्या विचारतात, "दावा की दरखास्त?" दावा म्हणाला तर त्या म्हणतात, "मग हसून घ्या." कारण दरखास्तवाले सगळे जिंकलेले असतात आणि सगळे रडके असतात. त्यांना फार वेळ बसवत नाही, म्हणून मुलगी सोबत येते. ती औषधांच्या दुकानात कामाला आहे. आपल्या दरखास्तीत लॉजचा पत्ता चुकला होता, पंधराच्या जागी एक्कावन्न. वकिलांच्या लक्षात आलं नव्हतं, तिच्या आलं. सहज लिहिलं.

जेवणाची आबाळ करू नका.

तुमची,
काडेपेटी

*

२२ फेब्रुवारी

ती. बाबांना,

नमस्कार. तुमचं पत्र मिळालं. या वेळी दोनच ओळी. "भत्ता भरलास ना? पावती पाठव." आणि "सहज म्हणजे?"

पावती वकिलांच्या फायलीला लावली असणार. 'पुढची' सापडला की मागून घेतो.

एकोणीस तारखेला कोर्ट झालं. जप्ती अजून झालेली नाही. नाझरच्या ऑफिसात बेलिफ दोनच, त्यातला एक पाठीच्या दुखण्याने घरी, वॉरंटांचा ढीग टेबलाखालीसुद्धा. आता अठ्ठावीस मार्च दिलीय. चार वर्षांत एवढी वाट पाहिली, त्यात महिनाभर काही फार नाही.

लॉजवाला स्वतः आला होता. व्हरांड्यात मला गाठून खांद्यावर हात टाकला. "काय म्हणतात वडील? हात चांगला हो त्यांचा. एक पलंग अजून कुरकुरत नाही." मी कॉलर धरली. खरंच धरली बाबा, खोटं लिहीत नाही. तो नुसता हसत होता. म्हणाला, "मार की. साक्षीदार भरपूर आहेत. तुझ्यावर केस झाली की माझी फाइल खाली जाईल." मागून एक्केचाळीसची मुलगी म्हणाली, "सोडा त्यांना. तुमचा हात मोडला तर दुकानात मलाच बँडेज काढून द्यावं लागेल." मी सोडलं. कॉलेजातही असं कोणी मागे उभं असतं तर बरं झालं असतं.

आता "सहज म्हणजे" याचं उत्तर. बाबा, तुम्ही दोन शब्दांत माणसाला भिंतीला टेकवता. ती माझ्यापेक्षा वर्षभराने मोठी आहे. बोलते कमी, आणि बोलते ते कापूस लावल्यासारखं अजिबात नाही. मला "तुम्ही" म्हणते. डॉक्टरांचं कसलंही अक्षर तिला वाचता येतं, म्हणून बाकावरचे सगळे आपापल्या चिठ्ठ्या घेऊन तिच्याकडे येतात. तिची आई डुलकी घेते तेव्हा ती स्वतःचा खांदा हलू देत नाही, मग तासभर तशीच ताठ. तारखेच्या आदल्या दिवशी मी शर्टाला इस्त्री करतो. आईने विचारलं, "कोर्टात चाललास की साखरपुड्याला?" मी म्हटलं, साहेबांसमोर नीट दिसायला हवं.

तिच्याशी कोर्टाबाहेर कधी भेट झालेली नाही. दुकान कुठे आहे ते माहीत आहे, दोनदा समोरून गेलो, पण आत जाऊन मागू काय? मला कुठलाच आजार नाही. कोर्टात निदान शेजारी बसायचं कारण तरी असतं.

शेडचं पत्र्याचं दार गंजलंय, मे अखेरीस तुम्ही आलात की बघू.

तुमची,
काडेपेटी

*

६ एप्रिल

ती. बाबांना,

नमस्कार. या पाकिटात दोन कागद आहेत. दोन्हींवर खाली उजवीकडे पेन्सिलीने फुली मारून ठेवलीय. हुकूमनामा तुमच्या नावावर आहे, तेव्हा सही तुमचीच लागते. मी पाठवलेल्या कागदावर तुम्ही न वाचता सही करता हे मला माहीत आहे. म्हणून आधी हे पत्र शेवटपर्यंत वाचा. पेन्सिल हातात घेऊ नका.

लॉज विकला गेला. दोन तारखेला बेलिफला घेऊन मी तिथे गेलो. पाटी बदललेली. काउंटरवर नवा मालक बसला होता, तुमच्याच काउंटरवर, कोपर टेकून. बेलिफ म्हातारा आहे, बरा माणूस आहे. मला म्हणाला, "दाखव. वस्तू तुझ्या बाजूने दाखवायची असते, मी आपणहून कशालाही हात लावत नाही." मी पहिल्याच खोलीतला पलंग दाखवला. नव्या मालकाने कपाटातून स्टॅम्पपेपर काढला. लॉज फर्निचरसकट घेतलेला, अकरा मार्चला.

मी जमिनीवर झोपून पलंगाखाली शिरलो. फळीवर तुमच्या पेन्सिलीचा आकडा आहे अजून, सतरा. बेलिफला म्हटलं, या, वाकून बघा, माझ्या बाबांचं अक्षर आहे. तो वाकला नाही. "अक्षर असेल रे. बनवलं कोणी ते कागदात विचारलेलं नाही. आज कोणाचं आहे ते विचारलंय." मग मला झटका आला. मी एकट्याने पलंग एका बाजूने उचलला, दारापर्यंत ओढलाही. तो म्हणाला, "ठेव खाली, पाय मोडेल. पलंगाचा नाही म्हणत मी." मी ठेवला. त्याने दाराच्या चौकटीला कागद टेकवून लिहिलं, जप्त करण्याजोगी मालमत्ता आढळली नाही. माझी सही घेतली.

अकरा मार्च. वॉरंट जानेवारीत निघालं असतं तर फेब्रुवारीतच पलंग उचलले असते. ते निघालं नाही. फायलीवर दोनदा शेरा आहे, एकोणीस फेब्रुवारीला आणि अठ्ठावीस मार्चला. भत्ता भरला नाही.

मी भरला नाही, बाबा. विसरलो नाही, ऑफिसात गर्दी नव्हती, बेलिफच्या पाठीचा काही संबंध नाही. पावती फायलीत नाही, कारण पावती कधी फाटलीच नाही. अकरा जानेवारीला मी पैसे घेऊन नाझरच्या खिडकीपर्यंत गेलो होतो. पुढे एकच माणूस होता. त्याचं काम होईतो 'पुढची'चं बोलणं डोक्यात फिरत राहिलं, भरलास तर तुझं इकडचं येणं संपलं. एक्केचाळीसला एकोणीस फेब्रुवारी मिळाली होती. मी खिडकीवरून परत फिरलो. मनात म्हटलं, एकच तारीख. मग एकोणीसला तिला अठ्ठावीस मार्च मिळाली, म्हणून मलाही मिळाली, आणि मी पुन्हा म्हटलं, एकच. तुमचे पैसे मी खाल्ले नाहीत. वहीत जसेच्या तसे होते. हे मी का लिहितोय कळत नाही, त्याने काय होतं?

हे शहाणपण मला आपोआप सुचलं असं समजू नका. अठ्ठावीसला साहेब माझ्यावर भडकले. "दरखास्त चालवायची आहे की काढून टाकू? आठ दिवसांत भरा." तरी मला विशेष काही वाटलं नाही. त्याच दिवशी एक्केचाळीसचं काम झालं. कारखान्याच्या मालकाचं बँकेतलं खातं गोठवलं होतं, त्यातून त्यांचा धनादेश निघाला. बाईंनी तो दोन्ही हातांनी धरला आणि बराच वेळ नुसता पालथा करून पाहिला, मागे काही अट लिहिलीय का म्हणून. मुलगी म्हणाली, "आज चहा माझ्याकडून." कॅन्टीनमध्ये बाईंना खुर्ची दिली आणि आम्ही दोघं काउंटरपाशी उभे होतो.

मी म्हटलं, "आता तुम्ही येणार नाही."

"कशाला येऊ? हौस आहे?"

"मी येतो की."

"तुमचं कधी होणार ते तरी सांगितलं का आज? साहेब रागावले का होते?"

आणि मी सांगितलं. छाती फुगवून सांगितलं बाबा, तिला काही भेट देतोय अशा थाटात. की मी मुद्दाम भत्ता भरत नाही. जानेवारीपासून. तिची आणि माझी तारीख एक राहावी म्हणून. मला वाटलं होतं ती लाजेल.

तिने कप खाली ठेवला. "भरला असता तर जप्ती कधी झाली असती?"

"फेब्रुवारीत."

"वडील कुठे असतात म्हणालात?"

"दुसऱ्या गावी. एका फर्निचरवाल्याकडे, रोजंदारीवर. शेड परत चालू करायला पैसे..."

"म्हणजे ते तिथे दुसऱ्याच्या फळ्या तासतायत आणि तू इथे इस्त्री करून बसतोस." पहिल्यांदा मला 'तू' म्हणाली, आणि तेही असं. "माझ्या आईची कंबर गेली त्या बाकावर. मी दर तारखेला अर्ध्या दिवसाचा पगार कापून घेतला. आणि तुला वाटत होतं आपण भेटतोय?"

मी काहीतरी बोलायला गेलो. ती म्हणाली, "लॉजवाल्याने वकिलाला उगाच पैसे दिले. तू होतास की फुकटात."

बाईंनी लांबून विचारलं, "काय गं, काय झालं?" ती म्हणाली, "काही नाही आई. यांना पुढची तारीख मिळाली." चहाचे पैसे तिनेच दिले, तिघांचे, आणि आईच्या कोपराला धरून पायऱ्या उतरून गेली.

मी तिथूनच नाझरच्या खिडकीवर गेलो आणि भत्ता भरला. तीन मिनिटं लागली. तीन मिनिटांचं काम होतं ते.

आता कागदांबद्दल. वकील म्हणतात, हुकूमनामा चुकवण्यासाठीच विक्री केली असा अर्ज करता येईल, विकत घेणारा लॉजवाल्याचा मेव्हणाच निघालाय. पण समोरचा वकील पहिल्याच दिवशी विचारणार, वॉरंटाचा हुकूम हातात असताना अडीच महिने झोपला होतात का? त्यासाठी प्रतिज्ञापत्र हवं. वकिलांनी एक तयार करून दिलंय, टाइप केलेला कागद तो. त्यात लिहिलंय की तुम्ही जानेवारीपासून मार्चपर्यंत आजारी होतात, म्हणून भत्ता भरता आला नाही. मी म्हटलं, बाबा तर एक दिवस घरी बसलेले नाहीत. वकील म्हणाले, "डॉक्टरच्या दाखल्याचं मी बघतो. तू फक्त फुलीपाशी सही आण."

दुसरा हाताने लिहिलेला आहे, तो मी लिहून घेतला, 'पुढची'कडून. त्यात लिहिलंय की पैसे तुम्ही वेळेवर पाठवले, भरायचं काम मुलाकडे होतं, आणि मुलाने स्वतःच्या कारणासाठी जाणूनबुजून भरले नाहीत. सोबत माझं वेगळं प्रतिज्ञापत्र लागणार. ते मी सही करून 'पुढची'कडे ठेवलंय. लिहिताना त्याने विचारलं, "वय?" एकवीस. "धंदा?" उत्तराची वाट न बघता तो म्हणाला, "शिक्षण लिहू?" कॉलेज मी केसपायी सोडलं असं मी गावभर सांगत आलोय, तुम्हालाही. ते खरं नाही. मी प्रयोगशाळेत मारामारी करून बाहेर पडलो आणि परत जायची लाज वाटली, मग केस सापडली. त्याला म्हटलं, काही नाही असं लिही. त्याने लिहिलं, धंदा काही नाही. "स्वतःच्या कारणासाठी" याच्यापुढे कारण लिहू का, असंही त्याने विचारलं. मी नको म्हटलं. तिचं नाव कोर्टाच्या कागदात येता कामा नये. साहेबांनी विचारलं तर माझं मी बघून घेईन.

वकिलांना हा दुसरा कागद पसंत नाही. म्हणाले, असं लिहिलंत तर कोर्ट म्हणेल तुमच्याच पोराची चूक, भोगा. पहिल्या कागदाने अर्ज टिकण्याची शक्यता जास्त. हे तुमच्यापासून लपवत नाही. अर्ज वीस एप्रिलच्या आत लावायचा आहे. लावला तरी मे अखेरपर्यंत काही होणार नाही हेही त्यांनीच सांगितलं. म्हणजे शेड जाणार. कालच मी मशीनचं माप घेतलं, आपल्या खालच्या खोलीत दारातून जात नाही, पाय सुटे करावे लागतील. पटाश्या आणि हातरंधे मी घरी आणलेत, तेल लावून कापडात गुंडाळलेत. सोमवारपासून चौकातल्या दरवाजे-खिडक्यावाल्याकडे पॉलिशपेपर मारायला जातोय. त्याने विचारलं, कोणाचा मुलगा? मी सांगितलं. मग त्याने दुसरं काही विचारलं नाही.

आईला तुमचं उत्तर येईपर्यंत सांगणार नाही. नाही, हे चुकीचं लिहिलं. आज जेवणाआधीच सांगतो. वरचं वाक्य खोडत नाही.

तिच्या दुकानावरून मी जात नाही. लांबून घरी येतो. त्याबद्दल काही लिहू नका.

दोहोंपैकी ज्या कागदावर तुमची सही येईल तो मी लावीन, वाद घालणार नाही. हाताने लिहिलेला आला तर कोर्टात तो साहेब मोठ्याने वाचतील आणि मी उभा राहीन. टाइप केलेला आला, तर मला कळेल की सुताभराचं मापही कधी खोटं न सांगणाऱ्या माणसाने माझ्यापायी पहिल्यांदा खोटं लिहून दिलं. ते घेऊन मला आयुष्यभर तुमच्यासमोर जेवायला बसावं लागेल. तरी तुम्हाला योग्य वाटेल तेच करा. पैसे तुमचे, घाम तुमचा, फक्त उशीर माझा आहे.

पोस्टात मी रोज जाईन.

तुमचा मुलगा